भाव फुटायच्या आधी

शेडनेटच्या आत बोलताना कुणी कुणाकडे बघत नाही. नजर फुलावर, बोटं चिमट्यावर, आणि बोलणं पलीकडच्या ओळीतल्या बाईशी, जिचा झाडांमधून फक्त डोक्याला गुंडाळलेला रुमाल दिसतो. सकाळचे नऊ वाजून गेलेत. जालना जिल्ह्याच्या उत्तरेचं, जाफराबाद तालुक्यातलं गाव. लांबवर अजिंठ्याच्या रांगेची धार ढगात अर्धी बुडालेली. दहा गुंठ्यांवर हिरवी जाळी, आत कंबरभर वाढलेली मिरची सुतळ्यांनी वर ताणलेली, आणि ओळीओळीत वाकलेल्या तेरा-चौदा बाया. बाहेर वारं आहे, पण जाळीच्या आत पान हलत नाही. पोळा चार दिवसांवर आलाय, तरी गप्पांत बैलांचा विषय नाही. काल कुणाच्या ओळीत किती कळ्या सुटल्या, त्यावरून एकमेकींची खेचणं चाललंय.

मल्चिंगच्या चंदेरी कागदावर पाय पडणार नाही अशा बेतानं मी एका मावशींच्या शेजारी उकिडवा बसलोय. त्यांच्या डाव्या हाताच्या बोटात प्लॅस्टिकची अंगठी आहे. खड्याच्या जागी खळगी, खळगीत चिमूटभर फिकट पूड. ही नराची पूड. नराची झाडं तिकडे कोपऱ्यात वेगळी लावलीत, मोजकीच. काल तोडलेली त्यांची फुलं रात्रभर बल्बच्या उबेला सुकवून, पहाटे कापडातून चाळून ही पूड निघालीय. आणि इथल्या मादीच्या झाडांवर काल दुपारीच या बायांनी उमलायच्या बेतातल्या कळ्या चिमट्यानं उकलून आतले पुंकेसर काढून टाकलेत. मावशी तसं एक फूल दोन बोटांत धरतात, अंगठी वर नेतात, मधलं हिरवं टोक खळगीत बुडवतात आणि सोडतात. मग कंबरेच्या पिशवीतून लोकरीचा लाल तुकडा, देठाला सैल गाठ. पुढचं फूल. तोवर आधीच्या फुलाची गाठ हलायचीही थांबलेली नसते.

"मधमाशीचं काम करतो आमी," मावशी म्हणतात. "मधमाशीला रोज द्या लागत नाई, एवढाच फरक."

पलीकडून हसू येतं. मधमाशी आत येऊ नये म्हणूनच तर ही जाळी आहे. बाहेरून एखादा किडा भलत्या मिरचीचे पराग घेऊन आला तर बियाण्याची शुद्धता गेली. तेव्हा आधी मधमाशीला बाहेर काढायचं आणि मग तिच्या जागी चौदा बाया उभ्या करायच्या. इथं याला ‘क्रॉसिंग’ म्हणतात. शाळेत न गेलेली बाईसुद्धा ‘सेल्फ’, ‘पोलन’, ‘लॉट’ हे शब्द ‘विळा’, ‘खुरपं’ म्हणावं इतक्या सहज वापरते.

कानात मोबाईलची वायर अडकवलेला एक पंचविशीतला मुलगा ओळींतून फिरतोय. हा ऑर्गनायझरचा माणूस. ऑर्गनायझर म्हणजे बियाणं कंपनी आणि शेतकरी यांच्यामधला. कंपनीचं बी शेतकऱ्याला देणारा, उचल देणारा आणि शेवटी माल मोजून नेणारा. मुलगा एका झाडापाशी थांबतो. बोटाएवढी मिरची लागलेली आहे आणि देठाला लोकर नाही.

"ही ओळ कुणाची?"

कुणीच उत्तर देत नाही. तो मिरची तोडून बादलीत टाकतो. धागा नसलेली मिरची म्हणजे आपल्याच परागानं धरलेली. तिचं बी यात मिसळलं तर तपासणीत अख्खा लॉट नापास होऊ शकतो. मग चार महिन्यांची जाळीतली मेहनत, औषधं, बायांचा रोज, सगळं त्या बादलीत. एका चुकार मिरचीला इतकी किंमत गावाच्या बापजन्मात कधी आली नव्हती.

जाळीचे मालक तात्या दाराशी उभे आहेत. पन्नाशीचे, डोक्याला टॉवेल. सहा एकर जमीन, त्यातली निम्मी मुरमाड. आता या दहा गुंठ्यांवर घर उभं आहे असं ते म्हणतात आणि पाठोपाठ, "उभं म्हंजे तोलून धरलंय," अशी दुरुस्ती करतात. जूनच्या सुरुवातीला ऑर्गनायझरनं दोन पाकिटं दिली, एक नर, एक मादी. पाकिटावर वाणाचं नाव नाही, फक्त आकडे. वाण कोणता, उद्या तो कोणत्या नावानं कोणत्या दुकानात जाईल, हे तात्यांना ठाऊक नाही. विचारलं तर ऑर्गनायझरलाही सांगता येत नाही. मिरची पिकून लाल झाली की फोडून बी काढायचं, धुवायचं, सावलीत सुकवायचं आणि दाणा न दाणा परत द्यायचा. मग नमुना सीलबंद होऊन प्रयोगशाळेत जातो. उगवण बघतात, पुन्हा पेरून शुद्धता बघतात. पास झाला की पैसे. त्यात काही महिने जातात. तोवर उचलीवर भागवायचं.

"शेत आपलं, पाणी आपलं, लाईटबिल आपलं, बाया आपुनच आणायच्या," तात्या बोटं मोडतात. "बी तेवढं त्यायचं. आता तुमीच सांगा, पीक कोणाचं?"

भांडवलशाही म्हटलं की आपल्याला गिरणीचा भोंगा आठवतो, नाहीतर जमिनीवरून हुसकलेला कुळवाडी. इंग्लंडात गावकीच्या कुरणांना कुंपणं पडली आणि शेतकरी शहराच्या वाटेला लागला, हा त्या गोष्टीचा पाठ झालेला पहिला अध्याय. इथं कुंपण आहे, पण ते शेतकऱ्यानं स्वतःच बांधलंय आणि तो त्याच्या आतच आहे. कंपनीला तात्यांची जमीन नको आहे. जमीन घेतली तर अवकाळी, गारपीट, करपलेला ट्रान्सफॉर्मर आणि रात्रपाळीची लाईट हेही सगळं सोबत घ्यावं लागेल. ते सातबाऱ्यासकट तात्यांकडेच राहिलेलं बरं.

जुना सावकार निराळा होता. त्याची नजर जमिनीवर असायची. १८७५ साली पुणे-नगरकडच्या शेतकऱ्यांनी सावकारांच्या घरांवर चाल केली, ती कर्जरोखे ताब्यात घेऊन जाळायला. त्या वेळी हा मुलूख निजामाच्या अमलात होता आणि १९४८ पर्यंत तसाच राहिला. सावकारी मात्र दोन्हीकडे सारखीच होती. आज तात्यांकडे जाळावं असं काहीच नाही. करार आहे म्हणतात, तो ऑर्गनायझरच्या फाईलीत. उचलीचा हिशेब आहे, तो त्याच्या वहीत आणि तात्यांच्या लक्षात. तात्यांच्या घरी आहे ती बँकेच्या पासबुकातली एक ओळ, तीही जेव्हा पडेल तेव्हा.

हे सगळं जालन्यात का वाढलं, याचं उत्तर अर्धं हवेत आणि अर्धं या बायांच्या हातात आहे. पाऊस सातशे मिलिमीटरच्या आतबाहेर, हवा कोरडी, त्यामुळे बियाणं सुकतं छान आणि बुरशीचा त्रास कमी. आणि कमी रोजात येणारे हात भरपूर. १९६४ साली बद्रीनारायण बारवाले यांनी जालन्यात महिको सुरू केली. देशात संकरित मका, ज्वारी, बाजरीचे वाण नुकतेच पुढं येत होते ते हे दिवस. संकरित बियाणं दरवर्षी नव्यानं तयार करावं लागतं आणि ते करायला शेतकऱ्याचं शेत लागतं, हे ज्यांनी लवकर ओळखलं त्यांत बारवाले होते. १९९८ साली त्यांना जागतिक अन्न पुरस्कार मिळाला. त्यांच्यामागून जालन्यात कितीतरी बियाणं कंपन्या उभ्या राहिल्या. व्यापाराच्या भरभराटीवरून ‘जालना सोने का पालना’ असं लोक फार पूर्वीपासून म्हणत आलेत. त्या पाळण्यात आता सरकी, सळया आणि बियाणं नांदतं.

जाळीची गोष्ट तर आणखी लांबून येते. तात्यांना हिचं अनुदान पोकरातून मिळालंय. पोकरा म्हणजे नानाजी देशमुख कृषी संजीवनी प्रकल्प, जागतिक बँकेच्या कर्जावर २०१८ साली राज्यातल्या पंधरा जिल्ह्यांत सुरू झालेला. हवामान बदलाला शेतकऱ्यानं तोंड द्यावं हा त्याचा हेतू. वॉशिंग्टनहून निघालेला पैसा जाफराबादच्या मुरमावर जाळी होऊन उभा राहतो आणि जाळीच्या आत मावशी अंगठीतून पूड लावतात. साखळीतल्या कुठल्याही कडीला दुसऱ्या टोकाचा माणूस कधी दिसत नाही, आणि त्यावाचून कुणाचं अडतही नाही.

साडेअकराला ऊन चढतं. फुलं मिटायला लागतात, पराग चालत नाही. बाया बाहेर येऊन लिंबाखाली बसतात. डबे उघडतात. चपात्या, मिरचीचा ठेचा, बटाट्याची भाजी. एकीच्या डब्यात भाकर आहे, तर बाकीच्या तिच्याकडे मोठ्या घरची असल्यासारखं बघतात.

"ज्वारी इकत घेतली का व मामी?"

"पोरीच्या सासरून आली. आपल्याकडं कुठं पिकून राह्यली आता."

खरंच, येताना रस्त्याच्या दुतर्फा मका आणि सोयाबीन होतं, मधूनमधून कपाशी. मका कोंबड्यांच्या खाद्याला, सोयाबीन तेलाच्या गिरणीला, कपाशी जिनिंगला. यातलं काहीच शेतकऱ्याच्या चुलीपर्यंत जात नाही. तात्यांच्या वडिलांच्या काळी अंगणात ज्वारीचं पेव होतं. जमिनीखालची कोठीच ती, तोंडाशी माती लिंपलेली. तात्या मला ती जागा दाखवतात. तिथं आता मोटारसायकल उभी असते.

पेवाच्या आठवणीनं कुणी हळवं होईल, तर मावशी होऊ देत नाहीत. त्यांचा नवरा शेजारच्या गावात एका वाड्यावर सालदार होता. पाडव्याला साल धरायचं, पुढच्या पाडव्यापर्यंत माणूस वाड्याचा. पेरायला बी नसलं की पेवातलं धान्य सवाईनं घ्यायचं, अडचण मोठी असली तर दिडीनं. एक पायली नेली की सुगीला दीड पायली परत.

"आन् भाकर मिळायची वाड्यावर. पर वरून टाकायचे. आमच्या पदरात." त्या हात उंच करून दाखवतात, केवढ्या उंचीवरून ते. "आता कोणाच्या बी दारात रोज हातात मोजून घेते. शिवलं तर शिवलं."

बाकीच्या जणी जेवत राहतात. ही गोष्ट त्यांना नवी नसावी. मला मात्र त्यानंतर बराच वेळ काही विचारायचं सुचत नाही. त्रिंबक नारायण आत्रे यांनी १९१५ साली ‘गाव-गाडा’ लिहून बलुत्यांचा, वतनांचा आणि त्यातल्या कुरबुरींचा जो पसारा मांडला, तो अशा एका हातवाऱ्यात मावलेला मी पहिल्यांदाच बघतोय. कनिष्ठ गावकामगारांची वतनं १९५८ च्या कायद्यानं गेली. पण भाकरीची उंची कायद्यानं कमी झाली नाही. ती कमी केली रोखीनं. पैसा जात विचारत नाही असं म्हणणं फार भाबडं होईल. जाळीचे मालक कोण आणि आत वाकलेल्या कोण, हे गावात पाच मिनिटं फिरलं की कळतं. पण मावशींना आज ज्याच्याकडे काम आवडत नाही त्याच्याकडे उद्या जावं लागत नाही, आणि वाड्याचे दिवस आठवून हळहळायचा हक्क जर कुणाला असेल तर तो त्यांना नको आहे.

तात्यांची तक्रार वेगळीच. पूर्वी वखरणीला, सुगीला इर्जिक व्हायची. सगळ्यांनी मिळून एकाचं शेत उरकायचं, त्यानं जेवण द्यायचं. वारंगुळ्यानं कामं फिरायची, आज तुमच्यात, उद्या आमच्यात.

"आता सख्खा भाऊ आला तरी रोज द्यावा लागतो."

"मंग देता का?" मावशी विचारतात.

"न देऊन सांगतो कोणाला? त्यो दुसरीकडं जातो."

आणि मग तात्याच हसतात.

या टोळीची मुकादम एक तिशीतली बाई आहे. बाकीच्यांसारखीच क्रॉसिंग करते, पण जेवताना तिचा फोन तीनदा वाजतो. कुणाला आठ बाया हव्यात, कुणाला उद्या फवारणीनंतर निंदायला. ती एकाला परवा म्हणते, दुसऱ्याला बघते म्हणते, तिसऱ्याला सरळ नाही सांगते. बायांना घेऊन येणारी अ‍ॅपे रिक्षा तिच्याच दिराची. पाटलाच्या वाड्यावर जे ठरायचं ते आता या फोनवर ठरतं, आणि फोन हिच्या पदराला बांधलेला आहे.

हातांना एवढी मागणी असताना याच जिल्ह्याच्या दक्षिणेकडची चित्रं पार वेगळी. अंबड, घनसावंगी, परतूर, मंठा या तालुक्यांतून दसरा-दिवाळीला उसतोडीच्या टोळ्या निघतात. नवरा-बायको मिळून एक ‘कोयता’, आधीच उचल घेतलेली, तिच्या फेडीत हंगाम जातो. आणि इकडे वरच्या अंगाला मिरची तोडायला मध्य प्रदेशातून आदिवासी कुटुंबं येऊन राहतात. तात्यांच्या बांधाला लागून अशा एका कुटुंबाची पालाची झोपडी आहे. त्यांचं पोरगं आमच्याकडे टक लावून बघतंय. जालन्याचा माणूस पश्चिम महाराष्ट्रात, मध्य प्रदेशचा जालन्यात. मजुरी जिथं थोडी जास्त तिथं माणूस जातो, नि त्याच्या जागी आणखी थोड्या कमीवर तयार असलेला येतो.

दुपारी पुन्हा चिमटे बाहेर निघतात. उद्याच्या कळ्या उकलायच्या आहेत. मी तात्यांच्या मुलाबरोबर निघतो. जाळीबाहेर त्यांनी एकरभर मिरची लावलीय, साधी हिरवी, खायची. आज तिचा तोडा झालाय. पिकअपमध्ये गोण्या भरल्यात आणि गाडी पिंपळगाव रेणुकाईच्या बाजाराला चाललीय. या मिरचीचं बी त्यानं दुकानातून पाकिटानं आणलं. जाळीतल्यासारख्याच कुठल्यातरी जाळीत, कुण्या मावशीनं लोकर बांधून केलेलं ते बी असणार. आपल्या तालुक्यातून नुसत्या आकड्यानं गेलेली वस्तू चकचकीत पाकिटात, छापील नावानिशी परत येते आणि तिचा भाव ग्रॅमवर असतो. २००१ च्या कायद्यानं शेतकऱ्याला आपलं बी राखून ठेवायचा, पेरायचा, देवघेव करायचा हक्क दिलाय. पण संकरित मिरचीचं बी राखून पुढच्या साली पेरलं तर कुठं आईवर जातं, कुठं बापावर, पीक एकसारखं येत नाही. हक्क कायद्यात शाबूत राहिला, राखावं असं बी मात्र घरात उरलं नाही.

भोकरदनवरून वळसा पडतो, पण मुलाला तिथं औषधाच्या दुकानात थांबायचंय. मिरचीवर कोकडा आलाय, पानं वळलीत. दुकानदार झाडाचा फोटो मोबाईलवर बघतो, तीन बाटल्या काढतो, वहीत लिहितो. पैशाचं बोलणं होत नाही.

गाडी थांबलेली असताना केळना नदीकडे बघत बसतो. भोकरदन म्हणजे जुनं भोगवर्धन. सातवाहनांच्या काळी इथले लोक सांचीच्या स्तूपाला दान देत होते, तिथल्या शिलालेखांत गावाचं नाव कोरलेलं आहे. इटलीत पाँपेईच्या राखेत, इसवी सन ७९ च्या ज्वालामुखीत गाडली गेलेली भारतीय घडणीची एक हस्तिदंती बाई सापडली. तिच्याशी जवळचं साम्य असलेली मूर्ती इथल्या उत्खननात निघाली. म्हणजे बाजार या माळावर कुणी काल-परवा आणला असं नाही. दोन हजार वर्षांपूर्वीही इथला कारागीर अनोळखी गिऱ्हाइकासाठी हात चालवत असणार. खुद्द मिरचीसुद्धा अमेरिकेतली, पोर्तुगीजांबरोबर समुद्रावरून आलेली. फक्त त्या काळी कारागीर हस्तिदंत विकायचा आणि शेतकरी स्वतःपुरतं पेरायचा. आता शेतकऱ्याला पेरायच्या आधीच विकत घ्यायला जावं लागतं.

पिंपळगाव रेणुकाईला पोचेस्तोवर अंधारून येतं. रस्त्याच्या कडेनं पत्र्याचे शेड, त्यांतले पांढरेफटक दिवे, ताडपत्र्यांवर मिरचीचे ढीग. नाकाआधी डोळ्यांना कळतं की मिरची आलीय. पिकअप, छोटा हत्ती, मोटारसायकलीवर दोन गोण्या आडव्या टाकून आलेले पोरगे, हमालांची हाकाटी. मोठे ट्रक मागच्या अंगाला उभे आहेत. कुठला दिल्लीला जाणार, कुठला मुंबईला आणि तिथून पुढं दुबईला, कुठला बंगालकडे. पावसाळ्याच्या तोंडाशी सुरू झालेला हा बाजार आता ऐन भरात आहे. २०१६ च्या जुलैत सरकारनं फळं-भाजीपाला बाजार समितीच्या नियमनातून मोकळा केला. आवाराबाहेर कुणीही कुणालाही माल विकावा. मोकळा तर झाला. रात्री आठ वाजता, तोडलेली मिरची गाडीत घेऊन उभ्या असलेल्या माणसाला त्यातला किती मोकळेपणा वापरता येतो ते आता बघायचं.

"भाव फुटला का?" गाडीतून उतरायच्या आधी तात्यांचा मुलगा विचारतो.

"आजून नाई."

व्यापारी तख्तावर बसलेत, प्रत्येकाच्या हातात दोन-दोन फोन. आझादपूर मंडीत आज किती गाड्या उतरल्या, कलकत्त्याकडे काय चाललंय, सीमेवर गाड्या अडल्या की सुटल्या, याची बोलणी हिंदीत चाललीत. शेतकरी खाली उभे. कुणी कुणाला काही विचारत नाही, पण सगळ्यांचे कान तिकडे आहेत. मग कुठल्या तरी एका शेडवर पहिला आकडा बोलला जातो आणि मिनिटभरात तो रस्त्याच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत पोचतो. कुणी जाहीर केला, कुणी ठरवला, कळत नाही. कालच्यापेक्षा किलोमागं सहा रुपये कमी.

कुणी शिवी देत नाही. एक म्हातारे गृहस्थ नुसतं "बरं" म्हणतात.

आमची पाळी येते. व्यापाऱ्याचा माणूस गोणीत कोपरापर्यंत हात घालतो, तळातल्या चार मिरच्या वर काढतो. एक मोडतो. कट् असा आवाज येतो, म्हणजे ताजी आहे. मग तळवा उलटा करून दाखवतो. ओला आहे.

"माल भिजेल हाय. घट लागंल."

"सकाळची दवं व्हती, पाऊस नव्हता."

"दव बी पाणीच की, भाऊ."

वजनात थोडी काट ठरते. मुलगा आणखी दोन शेडवर विचारून येतो. तिथंही तेच. माल परत नेता येत नाही, उद्यापर्यंत गोणीत तापून देठं काळी पडतील. व्यापाऱ्यालाही हे ठाऊक आहे आणि व्यापाऱ्याला ठाऊक आहे हे मुलालाही ठाऊक आहे. तरी तो थोडा वेळ घालवतो, रागानं पाणी पितो, मग गोण्या काट्यावर चढवायला सांगतो. काटा इलेक्ट्रॉनिक आहे, लाल आकडे लखलखीत. मापात पाप नाही इथं. माल मापावर येईपर्यंत बाकी सगळं उरकून गेलेलं असतं.

पट्टी हातात पडते. एकूण रक्कम, तीतून हमाली वजा. पैसे रोख, नोटा मोजून. जाळीतल्या बियाण्याला कित्येक महिने आणि इथं पंधरा मिनिटं. तात्यांच्या घरानं हे दोन्ही का धरून ठेवलंय ते आता मला कळतं. जाळीचा पैसा मोठा, पण कधी येईल याचा नेम नाही. हिरव्या मिरचीचा पैसा हातोहात, पण किती येईल याचा नेम नाही. एकाच्या आधारानं दुसऱ्याची वाट बघायची. शहरातले सल्लागार याला जोखमीची विभागणी म्हणतील. विभागणी कसली, दोन्हीकडची जोखीम एकाच घरात राहते. व्यापाऱ्याची मिरची रात्रीत पुढं निघून जाते. ऑर्गनायझरचा लॉट नापास झाला तर तो कंपनीला तसं कळवतो.

मुलगा नोटांतल्या काही वेगळ्या काढून वरच्या खिशात घालतो. त्या औषधाच्या दुकानदाराच्या. काही पँटच्या मागच्या खिशात, त्या डिझेलच्या. उरलेल्या पुन्हा मोजतो आणि तेवढ्यात त्याचा फोन वाजतो. पडद्यावर बघून तो माझ्याकडे डोळे मिचकावतो आणि स्पीकर लावतो.

"भाऊ, उद्याला दहाच बाया येतील."

"काहून? तात्यानं चौदा सांगितल्या व्हत्या ना. कळ्या उमलल्या तर समद्या सेल्फ होतील व ताई."

"दुसऱ्या प्लॉटवाल्यानं पन्नास वाढवून दिलेत रोजामागं. चौघी तिकडं चालल्या."

तो पट्टीकडे बघतो. किलोमागं सहा रुपये त्याच्या तोंडावर दिसतात.

"मिरचीला आज भाव नाई मिळाला, ताई. इचारा कोणाला बी."

"मिरचीचं तुमी पाहा, भाऊ. मी बायांचं सांगून राह्यले."

मागं एक ट्रक उलटा येतोय, हमाल फळीवर थापा मारून ड्रायव्हरला दिशा देतोय. मुलगा एक कान बोटानं दाबतो.

"बरं, देतो पन्नास. चौदा पाहिजेत पर. आन् साडेसातला."

"आठला. पोरांच्या शाळेचे डबे असतात. आन् रिक्षाचं भाडं निराळं."

"रिक्षाचं तर आधीपासून धरलेलं हाय ना?"

"ते डिझेल वाढायच्या आधीचं. बोला लवकर, दुसरा फोन वाजून राह्यला."

"आठला," तो म्हणतो. "भाडं धरून."